घुम्याबद्दल लोक पुन्हा पुन्हा विचारतात ते

गेली काही वर्षं मी एका मनातल्या किनाऱ्याच्या गोष्टी लिहितो आणि गणपतीच्या दिवसांत, वाचनालयात, कधी कुणाच्या पडवीत वाचून दाखवतो. त्यातला मडक्यांत आवाज साठवणारा कुंभार, घुम्या, लोकांच्या डोक्यात बसला आहे. एसटीची वाट बघताना, मासळी घेताना, मयताला गेलो तरी तेच प्रश्न. म्हणून एकदाचं लिहून टाकतो.

घुम्या खरंच होऊन गेला का? कुठल्या गावचा?

नाही. तो किनारा नकाशात नाही. वास, झाडं आणि शिव्या आमच्या कर्लीच्या खाडीकाठच्या आहेत, एवढंच. देवगडच्या एका आजोबांनी मला त्याचं घर दाखवायची तयारी दाखवली होती. मी गेलो नाही.

त्याचं खरं नाव काय?

गोष्टीत कुठेच येत नाही. मुद्दाम. मनातलं मनात ठेवणाऱ्याला आपण घुम्या म्हणतो, आणि मडकं घुमतं तेही घुमणंच. हा पोर तीन वर्षांचा होईपर्यंत बोलला नाही, नुसता रांजणात तोंड घालून बसायचा. नाव आईने ठेवलं, गावाने उचललं. पुढे गाव त्याच्यावर उलटलं तेव्हा हेच नाव शिवीसारखं घेतलं गेलं.

त्या किनाऱ्यावर आवाज नेमका वागतो कसा? पहिल्या भागात आमचा गोंधळ झाला.

माझ्या लिहिण्यात दोष होता, मान्य. पुन्हा सांगतो.

आपल्याकडे आवाज झाला की विरतो. हवेत २० अंशाला तो सेकंदाला ३४३ मीटर पळतो, समुद्राच्या पाण्यात सुमारे १,५०० मीटर, आणि पळता पळता त्याची ऊर्जा इतकी पसरते आणि जिरते की कानाला काही उरत नाही. त्या किनाऱ्यावर तो विरत नाही, खाली बसतो. दिवसभराचं बोलणं, घणाचे ठोके, रापण म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं जाळं, ते ओढतानाची हाळी, सगळं तिन्हीसांजेला धुळीसारखं कौलांवर, माडाच्या झापांवर, जांभ्याच्या गडग्यावर उतरतं. गडग्यावरून हात फिरवला की बोटाखालून कालचं कुजबुजतं.

फाल्गुनापर्यंत गावावर इतका थर चढतो की दार लोटलं तरी गेल्या दिवाळीतलं भांडण बाहेर पडतं. वैशाखात तर लोक हळू चालतात. मग मृग लागतो. पाऊस पडतो तो कोकणातला, वर्षाला ३,००० मिलिमीटरच्या पुढे जाणारा. पहिल्या दोन-तीन दिवसांत सगळा आवाज पागोळ्यांतून व्हाळात, व्हाळातून खाडीत आणि खाडीतून समुद्रात. समुद्राची गाज म्हणजे तिथे तेच, वर्षानुवर्षांचं वाहून गेलेलं बोलणं.

यातूनच त्या गावाची एक रीत आहे: पावसाआधीचं बोलणं पावसाआधी. मिरगापूर्वी कोण कुणाला काय म्हणालं याचा जाब पावसानंतर विचारायचा नाही. शिवी नाही, वचन नाही, सोयरिकीची बोलणीसुद्धा नाहीत. पाळायचं असेल ते पाऊस झाल्यावर पुन्हा बोलायचं. ही रीत ध्यानात ठेवली की घुम्याचा गुन्हा काय ते कळतं.

रात्री खाडीपलीकडचं बोलणं ऐकू येतं, ते तरी तुम्ही रचलेलं ना?

ते अगदी खरं आहे, आणि आपल्याच जगातलं. थंडीच्या रात्री पाण्यालगतची हवा गार आणि तिच्यावरची ऊबदार असते. वर निघालेला आवाज अशा वेळी पुन्हा खाली वाकतो आणि सपाट पाण्यावरून लांब जातो. दुपारी उलट. खाली तापलेली हवा, आवाज वर उचलला जातो, आणि समोरच्या तरीवरच्या माणसाला घसा फुटेपर्यंत हाका मारल्या तरी तो ढिम्म. वाऱ्याचाही हात असतो. मतलई वारे जमिनीवरून समुद्राकडे, खारे वारे समुद्रावरून जमिनीकडे. त्यामुळे पहाटेचं आणि तिसऱ्या प्रहराचं ऐकू येणं सारखं नसतं. आमच्याकडे रात्रीचं कुणाबद्दल वाईट बोलायचं झालं तर माणसं घरात जाऊन बोलत. शास्त्र माहीत नव्हतं, अनुभव होता.

त्याचं बालपण?

कुंभाराचं घर. जन्म ऐन मिरगात. त्यामुळे पहिलं रडणं घराच्या कौलांवर बसलंच नाही, पावसाबरोबर गेलं. बाकी भावंडांची पहिली रडणी आई पाऊस येईपर्यंत छपराखाली उभी राहून ऐकायची, याचं तेवढं नाही. त्याला आवाज धरून ठेवायचं वेड का लागलं, याचं उत्तर वाचक इथे शोधतात. शोधू देत. मला स्वतःला ते जरा सोपं वाटतं.

मडकं चालतं कसं? आणि घुमट या वाद्याचा त्याच्याशी काय संबंध?

मडकी दोन प्रकारची. लोक दोन्हींची सरमिसळ करतात.

पहिलं साधं. पोट मोठं, गळा अरुंद, तोंडाशी बोललं की आत घुमतं. बाटलीच्या तोंडावर फुंकर मारल्यावर जसा एकच सूर येतो, तसा प्रत्येक मडक्याचा आपला सूर असतो. पोट वाढलं की सूर खाली जातो, तोंड रुंदावलं की वर. म्हणून घुम्या बाईच्या आवाजाला लहान मडकं घ्यायचा, बाप्याला मोठं. तिन्हीसांजेला आवाज आत बसला की तोंडावर पान ठेवून राळेने बंद. होडीच्या सांध्यांना लावतात तीच राळ. हे मडकं फोडलं की आवाज एकदाच ऐकू येतो आणि संपतो. याच्यावर कुणाचा फारसा आक्षेप नव्हता. परगावी गेलेल्या मुलीला आईने पाठवायची भेट म्हणून ते चाललं.

दुसरं कच्चं मडकं. चाकावरची माती ओली असतानाच तिच्यावर आवाज बसू द्यायचा आणि मग भट्टीत भाजायचं. आता आवाज मातीचाच झाला. बांबूची कामटी टेकवून मडकं फिरवलं की बोलतं, शंभरदा फिरवलं तर शंभरदा. पाऊस त्याचं काही करू शकत नाही. सगळा कज्जा या दुसऱ्या मडक्याचा.

ही कल्पना पुरती माझी नाही. चाकावर फिरणाऱ्या ओल्या मातीत कुंभाराचा आवाज ग्रामोफोनच्या तबकडीसारखा कोरला जात असावा, असं १९६९ साली एका शास्त्रीय नियतकालिकाला लिहिलेल्या पत्रात मांडलं गेलं होतं. जुन्या मडक्यातून कुणाचं बोलणं खरोखर निघाल्याचं सिद्ध झालेलं नाही. पण मडकं हातात घेतल्यावर तो विचार डोक्यातून जात नाही, हेही खरं.

घुमटाचं म्हणाल तर तो मडक्याचाच भाऊ. मातीचं भांडं, एका तोंडाला चामडं, दुसरं उघडं, त्यावर तळहात ठेवून वादक सूर खालीवर करतो. पूर्वी चामडं घोरपडीचं असे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतर घोरपडीला हात लावता येत नाही, म्हणून आता बकऱ्याचं. शेजारी गोव्याने २०१९ साली घुमटाला राज्याचं वारसा वाद्य म्हणून मान दिला. जुने वादक आवाज तसा राहिला नाही म्हणून कुरकुरतात. घोरपडींचं मत वेगळं असणार.

गाव त्याच्यावर उलटलं ते नेमकं कशामुळे?

एकाच कारणाने नाही. तीन गोष्टी साचत गेल्या.

पहिली, समुद्रात गेलेल्या पोराची. एका बाईचा मुलगा होडीबरोबर बुडाला. आदल्या संध्याकाळी घुम्याच्या चाकावर माती होती आणि पोर रस्त्यावरून आईला ओरडत गेला होता. घुम्याने ते मडकं भाजून तिला नेऊन दिलं. चांगल्या मनाने दिलं, यात मला शंका नाही. त्यात एवढंच होतं: 'आये, भाकरी बांध.' ती बाई मडकं फिरवायची आणि भाकरी बांधायची. पुन्हा फिरवायची, पुन्हा बांधायची. शेतावर जाणं सुटलं. धाकटी मुलगी दाराशी उपाशी उभी आणि ओटीवर फडक्यात बांधलेल्या अकरा भाकऱ्या. नवरा कोयता घेऊन घुम्याकडे गेला. भट्टीपर्यंत जाऊन रडला आणि परत आला. मडकं फोडायची हिंमत मात्र कुणालाच झाली नाही.

दुसरी खोताची, म्हणजे कुळांकडून सारा वसूल करणाऱ्या गावच्या जमीनदाराची. शिमग्याच्या रात्री एका कुळाच्या तोंडून निघून गेलं, 'घे बाबा, जमीन तुझीच, मी कोण?' प्यायलेल्या माणसाचं बोलणं, तेही पावसाआधीचं. रीतीप्रमाणे ते धुऊन जायला हवं होतं. श्रावणात खोताने देवळासमोर मडकं ठेवलं आणि कामटी टेकवली.

तिसरी गाऱ्हाण्याची. हिचा राग सगळ्यात जास्त आला आणि बाहेरच्या वाचकांना हीच सगळ्यात कमी कळते. गाऱ्हाणं म्हणजे नुसती प्रार्थना नव्हे. एक जाणता देवापुढे सगळ्यांच्या वतीने बोलतो, आणि प्रत्येक वाक्यानंतर जमलेली माणसं 'व्हय म्हाराजा!' म्हणतात. ते 'व्हय' म्हणजे सही आहे. तुमचं त्याच्याशी पटत नसलं तरी तिथे उभं राहून म्हणावं लागतं. म्हातारा जाणता खोकायला लागला म्हणून मानकऱ्यांनी घुम्याकडून त्याचं गाऱ्हाणं मडक्यात घेतलं. पुढच्या वर्षी मडकं बोललं, लोकांनी व्हय म्हटलं. त्याच्या पुढच्या वर्षी कुणी तरी 'व्हय'चंही मडकं करून आणलं. देवळात पुजारी, दोन मडकी आणि एक कुत्रा.

खोताचं मडकं घुम्याने विकलं की त्याच्याकडून पळवलं?

विकलं. दोन खंडी भाताला. पहिल्या भागात मी हे लपवलं होतं, कारण मला तो आवडतो. तिसऱ्या भागात लिहावंच लागलं.

त्याचा बचाव असा: मी आवाज धरतो, पुढे त्याचं कोण काय करतो ते माझ्या हातात नाही. तंत्र काढणारे हे फार पूर्वीपासून म्हणत आले आहेत. पण खोताला मडकं कशाला हवंय हे कोकणातल्या शेंबड्या पोराला कळलं असतं. खोतीचा जाच आमच्याकडे पुस्तकातला नाही. अलिबागजवळ चरीच्या शेतकऱ्यांनी १९३३ ते १९३९ अशी सहा वर्षं जमीन न कसता संप केला, १९३७ मध्ये डॉ. आंबेडकरांनी मुंबई कायदेमंडळात खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं, आणि प्रत्यक्ष कायदा व्हायला १९४९ उजाडलं. तोवर कागद ज्याच्याकडे, जमीन त्याची. माझ्या गोष्टीत कागदाच्या जागी मडकं आहे.

हा एडिसनवरून बेतलेला आहे का?

नाही, आणि याचा मला कंटाळा आला आहे. एडिसनने १८७७ मध्ये कथलाच्या पातळ पत्र्यावर आवाज उमटवला आणि परत ऐकवला, मोठंच काम. दोन-चारदा वाजवला की पत्रा झिजून जायचा, म्हणजे ते घुम्याच्या पहिल्या मडक्याच्या जवळचं. पण माणूस म्हणून घुम्या दुसऱ्या दोघांच्या जवळचा.

एक फ्रेंच, एदुआर-लेओं स्कॉट द मार्तिनव्हिल. छपाईच्या धंद्यातला. त्याने १८५७ मध्ये असं यंत्र काढलं की बोललेल्या आवाजाने काजळी धरलेल्या कागदावर रेघ उमटावी. ऐकण्याची सोयच नव्हती, त्याला ती नकोच होती. त्याला आवाज वाचायचा होता. ९ एप्रिल १८६० रोजी त्याने एका लोकगीताची ओळ अशी कागदावर घेतली. ती रेघ २००८ मध्ये संगणकाने पुन्हा आवाजात आणली तेव्हा वाटलं, कुणी मुलगी गातेय. पुढे कळलं की वेग दुप्पट लागला होता. हळू केल्यावर पुरुषाचा आवाज निघाला, बहुतेक त्याचा स्वतःचाच. दीडशे वर्षांनी लोकांनी माणसाला ऐकलं आणि आधी मुलगीच समजले. हे वाचलं त्या रात्री मी घुम्याचं पहिलं पान लिहिलं.

दुसरा रशियन, लेव्ह तेरमेन, १८९६ ते १९९३. हात न लावता, नुसता हवेत हात हलवून वाजणारं वाद्य त्याने १९२० च्या सुमाराला काढलं. १९२२ मध्ये लेनिनला वाजवून दाखवलं. १९२७ मध्ये अमेरिकेत गेला, नाव झालं, कर्ज झालं, आणि १९३८ मध्ये परत रशियात. तिथे अटक, मजुरांची छावणी, आणि मग कैदी शास्त्रज्ञांच्या गुप्त प्रयोगशाळेत काम. १९४५ मध्ये मॉस्कोतल्या अमेरिकी राजदूताला सोव्हिएत मुलांकडून एक कोरीव लाकडी राजमुद्रा भेट मिळाली. ती भिंतीवर टांगली गेली. आत तेरमेनने केलेलं ऐकणारं यंत्र होतं. तारा नाहीत, बॅटरी नाही, बाहेरून रेडिओलहरी सोडल्या की तेवढ्यापुरतं जागं व्हायचं. सापडायला १९५२ उजाडलं. ज्या हाताने सूर काढला त्याच हाताने चोरून ऐकणारा कान केला, आणि तोही कैदेत असताना. त्याला दोष द्यायचा की कीव करायची, माझं अजून ठरत नाही. घुम्याला कुणी कैद केलं नव्हतं, हा फरक मात्र मी विसरत नाही.

आवाज साठवायला आपल्याकडे खरंच विरोध झाला होता?

भीती होतीच. ध्वनिमुद्रण नवं असताना यंत्र आपला गळा ओढून घेईल, असं मानणारे गवई होते. गौहर जान मात्र १९०२ मध्ये कलकत्त्यात सजून येऊन गायल्या, सगळा राग तीन मिनिटांत बसवला आणि शेवटी मोठ्याने इंग्रजीत स्वतःचं नाव सांगितलं. तबकड्या जर्मनीत छापायच्या होत्या, तिथल्या माणसाला हे कोण गातंय कळायला नको? आणि त्या तबकड्या होत्या लाखेच्या. आपल्या झाडांवरच्या किड्यांची लाख.

याहून गमतीचा वाद पेटीचा. १९४० मध्ये रेडिओवर हार्मोनियमला बंदी घातली गेली आणि ती १९७१ पर्यंत टिकली. ठरलेल्या पट्ट्यांतून मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, निघत नाही, आपल्या श्रुती तिच्यात बसत नाहीत, असा आक्षेप. आक्षेप खोटा नव्हता. पण त्याच काळात दशावतारी रात्र रात्र पायपेटीवर नाटक ओढत होते आणि संकासुर तिच्याच सुरावर नाचत होता.

घोळ माशाचा प्रसंग खरा वाटत नाही.

मासा आवाज करतो हे खरं. घोळ, ढोमा या जातीचे मासे पोटातल्या हवेच्या पिशवीवर स्नायू थरथरवून ढोलासारखा आवाज काढतात. घुम्या मडकं पाण्यात उपडं धरून तो ऐकतो आणि रापणकरांना सांगतो, ही माझी भर. रापणकर त्याला आधी देव मानतात. मग तोच दुसऱ्या गावच्या होड्यांनाही सांगायला लागतो आणि पाण्यावर मारामारी होते. परसिननेट, म्हणजे मासळीचा अख्खा थवा घेरणारं मोठं जाळं, आणि एलईडीचे दिवे लावून मासेमारी, यावरून आमच्या किनाऱ्यावर काय चालतं ते ज्यांना माहीत आहे त्यांना वेगळं सांगायला नको.

त्याचं लग्न झालं होतं का?

झालं होतं. बायको बहिरी होती. त्या गावात एकटीच सुखी बाई.

संवाद मालवणीत आणि बाकी प्रमाण मराठीत, असं का?

संवादही पूर्ण मालवणी नाहीत. रत्नागिरीकडच्या वाचकांनी तक्रार केली म्हणून काही ठिकाणी हात आखडला. आता सावंतवाडीकडचे तक्रार करतात.

शेवटी त्याचं झालं काय?

गावाने कौल लावला. देवाला पाकळ्या चिकटवल्या, उजवी पडली तर घुम्या राहील, डावी पडली तर जाईल. दोन दिवस एकही पाकळी पडली नाही. तिसऱ्या दिवशी मिरगाचे ढग आले. घुम्याने सगळी बंद मडकी अंगणात मांडली आणि राळ फोडली. भाजलेली मात्र त्याने एकेक करून पाट्यावर वाटली, वरवंट्याने, आणि ते पीठ पावसात फेकलं. रात्रभर पीठ बोलत होतं. खोताचं मडकं त्यात नव्हतं, ते विकलेलं होतं. सकाळी घुम्या नव्हता, चाक नव्हतं, आणि चुलीजवळ एक मडकं तेवढं शाबूत होतं.

त्या शेवटच्या मडक्यात काय आहे? पुढच्या भागात उघडणार का?

उघडणार नाही. कुणाचा आवाज आहे ते मला माहीत आहे, कसं माहीत ते सांगतो.

मी शाळेत असताना घरी एक टेपरेकॉर्डर आला. मुंबईहून चाकरमानी काकाने आणलेला. आजी मागल्या दारी आडाळ्यावर नारळ खोवत बसली होती. मी मागून जाऊन बटण दाबलं, तिला न सांगता. ती नेहमीसारखी स्वतःशीच बोलत होती, कुणाचं तरी जुनं दुखणं, घरात कधी कुणासमोर न काढलेलं. दोन-तीन मिनिटांनी तिला लाल दिवा दिसला.

पुढे ती कॅसेट ट्रंकेत राहिली. आजी गेल्यावर काढली तेव्हा फितीच्या कडेला पांढरी बुरशी, आमच्या हवेत दुसरं काय होणार. पेन्सिल घालून हलक्या हाताने फिरवली तर कोरड्या पानासारखी चरचरली. तालुक्याच्या एका दुकानात साफ करायला दिली. त्यांनी फीत तोडून जोडून परत दिली आणि मधलं बरंच गेलं. तेव्हा फार संताप आला होता. आता येत नाही.

उरलेली कॅसेट कधी ऐकवाल का?

नाही. ऐकण्यासारखं फार नाहीही. खोबऱ्याची खरखर, एक कावळा, आणि मग अगदी जवळून, 'मेल्या, बंद कर ता.'